मोबाइल गेमिंग नेटवर्कवर दिसणारे नाव कसे बदलावे

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत माझा बारा वर्षांचा भाचा मोबाइलवर खेळत असताना समोरच्या अनोळखी खेळाडूने त्याला नाव-आडनावाने हाक मारली. मुलगा घाबरला. खेळ पहिल्यांदा उघडला तेव्हा नावाच्या चौकटीत त्याने आपले पूर्ण नाव आणि त्यापुढे जन्मसाल लिहिले होते, आणि ते तसेच सर्वांना दिसत होते. ते बदलायला आम्ही बसलो खरे, पण चुकीच्या जागी बदलले. फोनमध्ये खाते माझ्या बहिणीचे होते, आम्ही त्या खात्याचेच नाव बदलून टाकले, त्यामुळे खेळातले नाव जसेच्या तसे राहिले आणि ताईने पाठवलेल्या कार्यालयीन ईमेलवर दोन दिवस तिच्या नावाऐवजी मुलाने निवडलेले टोपणनाव दिसत राहिले. ही चूक फार सहज होते. म्हणून नाव कसे बदलावे हे सांगण्याआधी ते कुठे बदलावे हे सांगतो.

आधी नाव कोणते ते ओळखा

मोबाइलवर खेळणाऱ्याची साधारणपणे तीन नावे असतात. पहिले नाव मूळ खात्याचे, म्हणजे गूगल, ॲपल किंवा मायक्रोसॉफ्टच्या खात्याचे. ईमेल, खरेदी आणि पावत्या यांच्याशी त्याचा संबंध असतो. दुसरे नाव गेमिंग नेटवर्कचे, म्हणजे गूगल प्ले गेम्स, ॲपलचे गेम सेंटर किंवा मायक्रोसॉफ्टचे एक्सबॉक्स नेटवर्क यांच्यावरील टोपणनाव, जे त्या नेटवर्कला जोडलेल्या अनेक खेळांत वापरले जाऊ शकते. तिसरे नाव त्या एकाच खेळापुरते असते आणि ते त्या खेळाच्या कंपनीच्या सर्व्हरवर साठवलेले असते. दारावरची पाटी बदलली म्हणून सातबाऱ्यावरचे नाव बदलत नाही, तसेच येथे आहे. आपल्याला बदलायची असते ती पाटी, आणि बरेच जण हात घालतात तो सातबाऱ्याला.

ओळखण्याची सोपी रीत अशी. जे नाव खटकते ते नेमके कोणत्या पडद्यावर दिसते ते पाहावे. एकाच खेळात ते दिसत असेल आणि दुसऱ्या खेळात वेगळे असेल, तर ते खेळाचे स्वतःचे नाव आहे. यशाची पदके, गुणतालिका किंवा मित्रांची यादी यांच्याजवळ, निरनिराळ्या खेळांत तेच नाव दिसत असेल, तर ते नेटवर्कचे नाव आहे.

अँड्रॉइडवर: गूगल प्ले गेम्स

ही सेवा २०१३ साली सुरू झाली. सुरुवातीला तिची ओळख गूगल प्लस या गूगलच्या तेव्हाच्या समाजमाध्यमावरील प्रोफाइलला बांधलेली होती, म्हणजे खेळताना माणसाचे खरे नावच पुढे येत असे. २०१६ साली गूगलने खेळाडूंसाठी स्वतंत्र टोपणनावांची सोय केली आणि ही अडचण दूर झाली. ज्यांनी स्वतः नाव निवडले नाही, त्यांना बहुधा दोन इंग्रजी शब्द आणि पुढे काही आकडे असे यंत्राने जुळवलेले नाव मिळालेले असते.

बदलण्यासाठी प्रथम प्ले गेम्स हे ॲप उघडावे. फोनमध्ये एकाहून अधिक गूगल खाती असतील, तर कोपऱ्यातील चित्रावर टिचकी मारून योग्य खाते निवडले आहे याची खात्री करावी. त्यानंतर आपले प्रोफाइल उघडून पेन्सिलच्या चिन्हावर किंवा ‘एडिट’वर टिचकी मारावी, टोपणनावाच्या चौकटीतील जुने नाव पुसावे, नवे लिहावे आणि ते जतन करावे. नाव आधीच कोणी घेतलेले असेल, तर ते स्वीकारले जात नाही आणि दुसरे लिहावे लागते. अलीकडे हेच प्रोफाइल प्ले स्टोअरमध्येही दिसू लागले आहे. त्यामुळे ज्यांच्या फोनमध्ये प्ले गेम्स हे स्वतंत्र ॲप नाही, त्यांनी प्ले स्टोअर उघडून आपले खेळाडू-प्रोफाइल तेथे शोधावे.

याच सेटिंग्जमध्ये प्रोफाइल आणि खेळांची माहिती कायमची पुसण्याचाही पर्याय असतो. नवे नाव हवे म्हणून जुने प्रोफाइल पुसून नव्याने सुरुवात करावी, असा विचार काहींच्या मनात येतो, पण तो कृपया करू नये. नाव बदलल्याने पदके, गुण आणि खेळातील प्रगती यांना धक्का लागत नाही. प्रोफाइल पुसल्याने मात्र ते सारे हातचे जाऊ शकते.

आयफोन आणि आयपॅडवर: गेम सेंटर

गेम सेंटर सप्टेंबर २०१० मध्ये आले. पूर्वी त्याचे वेगळे ॲप होते, ते २०१६ साली आयओएस १० बरोबर काढून टाकण्यात आले, आणि तेव्हापासून त्याचा कारभार फोनच्या सेटिंग्जमधून चालतो. २०२५ साली ॲपलने ‘गेम्स’ नावाचे नवे ॲप आणले असले, तरी सेटिंग्जची वाट जुन्या आणि नव्या दोन्ही फोनवर उपयोगी पडते, म्हणून मी तीच सांगतो.

सेटिंग्ज उघडून गेम सेंटर शोधावे. यादीत ते पटकन सापडले नाही, तर वरच्या शोधचौकटीत नाव टाइप करावे. ते सुरू असल्याची खात्री करून आपल्या प्रोफाइलवर टिचकी मारावी, तेथे टोपणनाव बदलावे आणि ‘डन’ म्हणावे. त्याच जागी प्रोफाइल कोणाला दिसावे हेही ठरवता येते: सर्वांना, फक्त मित्रांना किंवा फक्त स्वतःला. नाव बदलायला आलेल्या प्रत्येकाने हा पर्यायही पाहून घ्यावा, कारण टोपणनाव कितीही सावधपणे निवडले, तरी कोणते खेळ खेळतो आणि मित्र कोण हे सर्वांना दिसत असेल, तर निम्मे काम उरलेलेच असते.

मुलाच्या फोनवर नावाची चौकट बदलूच देत नसेल, तर बिघाड समजण्याआधी सेटिंग्जमधील ‘स्क्रीन टाइम’ हा फोनच्या वापरावर निर्बंध घालण्याचा विभाग तपासावा. त्यातील आशय आणि गोपनीयतेच्या निर्बंधांमध्ये गेम सेंटरसाठी वेगळा विभाग असून चित्र व टोपणनाव बदलण्याची परवानगी पालकांना तेथे रोखता येते. आईवडिलांनी कधीतरी ती बंद केलेली असते आणि नंतर त्यांच्याही लक्षात राहत नाही.

माइनक्राफ्ट खेळणाऱ्यांसाठी: एक्सबॉक्सचे नाव

घरी एक्सबॉक्स हे खेळ खेळण्याचे यंत्र नसले, तरी मोबाइलवर माइनक्राफ्टमध्ये मायक्रोसॉफ्ट खात्याने प्रवेश करून खेळणाऱ्या मुलाचे नाव एक्सबॉक्स नेटवर्कवरच असते. त्याला गेमरटॅग म्हणतात. ते खेळाच्या आत बदलत बसण्याऐवजी मोबाइलवरील एक्सबॉक्स ॲपमध्ये किंवा एक्सबॉक्सच्या संकेतस्थळावर आपले प्रोफाइल उघडून बदलावे. नवे नाव लिहिल्यावर ते उपलब्ध आहे का हे तपासले जाते आणि त्यानंतर ते आपल्या नावावर करता येते. खाते उघडताना यंत्राने दिलेले नाव पहिल्यांदा बदलणे विनामूल्य असते, पुढच्या बदलांना पैसे पडतात. म्हणून ती पहिली संधी घाईने खर्च करू नये.

मराठी माणसासाठी या नेटवर्कवर एक खास सोय आहे. २०१९ साली एक्सबॉक्सने नावांसाठी जगातील १३ लिप्यांची सोय केली आणि त्यांत देवनागरीही आहे. आपले टोपणनाव आपल्या लिपीत झळकावे, याचे मला मनापासून अप्रूप वाटते. नाव १२ चिन्हांपर्यंत असू शकते, आणि ते दुसऱ्या कोणी आधीच घेतलेले असले, तर त्यापुढे आपोआप काही आकडे जोडले जातात. जे जुने खेळ या लिप्या दाखवू शकत नाहीत, तेथे रोमन लिपीतील पर्यायी नाव दिसते.

देवनागरीत लिहिताना लांबीचा हिशेब मात्र नीट ठेवावा. ‘श्रीवर्धन’ हा शब्द आपण चार अक्षरांचा मोजतो, पण युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकात अक्षरे साठवण्याच्या प्रमाण पद्धतीत, श, हलन्त, र, दीर्घ वेलांटी, व, र, हलन्त, ध आणि न अशी त्याची ९ चिन्हे होतात, आणि संगणक बहुधा याच हिशेबाने मोजतो. जोडाक्षरे आणि वेलांट्या अधिक असलेले नाव म्हणूनच डोळ्यांना आखूड दिसूनही मर्यादेपलीकडे जाते. ‘पळस’ किंवा ‘गवत’ अशा साध्या शब्दांना ही अडचण येत नाही.

नाव त्या खेळाचेच असेल तर

येथे प्रत्येक खेळाचा नियम निराळा आहे. क्लॅश ऑफ क्लॅन्समध्ये सेटिंग्जमधून नाव बदलता येते; पहिला बदल मोफत असतो आणि पुढच्या बदलांना खेळातील रत्ने (जेम्स) द्यावी लागतात. बीजीएमआय, म्हणजे बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, या खेळात नाव बदलण्याचे कार्ड लागते, ते आपल्या सामानाच्या यादीतून वापरायचे असते. फ्री फायर मॅक्समध्ये प्रोफाइलमधील नावाजवळच्या पेन्सिलच्या चिन्हावरून नाव बदलता येते आणि त्यासाठी खेळातील हिरे किंवा कार्ड खर्च होते. जेथे पैसे किंवा त्यासारखे काही मोजावे लागते, तेथे शुद्धलेखन दोनदा वाचूनच होकार द्यावा. फुकटात नाव बदलून देतो असे सांगून पासवर्ड मागणारे संकेतस्थळ किंवा ॲप भेटले, तर ते तेथेच बंद करावे. नाव बदलायला खेळाबाहेरच्या कोणालाही आपला पासवर्ड द्यावा लागत नाही.

नवे नाव कसे निवडावे

माझे ठाम मत असे आहे की नाव, आडनाव, जन्मसाल, शाळा, गाव आणि मोबाइल क्रमांकाचे आकडे यांपैकी काहीही टोपणनावात येऊ नये. गावाचे नाव एकटे असले तर निरुपद्रवी वाटते, परंतु त्याला आडनाव जोडले की लहान गावात घर सापडायला वेळ लागत नाही. ‘मावळा’, ‘राजे’, ‘सरकार’ हे शब्द इतक्या जणांना हवे असतात की ते मिळवण्यासाठी मागे आकडे लावावे लागतात, आणि मुले नेमके जन्मसालच लावतात. त्यापेक्षा एखादा पक्षी, झाड किंवा आपल्या जिल्ह्याबाहेरचा किल्ला निवडावा. माझ्या भाच्याने शेवटी ‘खंड्या’ आणि त्याला आवडणाऱ्या एका रंगाचे नाव एकत्र केले. ते पहिल्या प्रयत्नातच मिळाले.

नाव रोमन लिपीत लिहिणार असाल, तर मोठा आय आणि लहान एल, किंवा ओ आणि शून्य, यांची जोडी टाळावी, कारण मित्राला ते वाचून शोधता येत नाही. नक्षीदार अक्षरांची नावे जुळवून देणारी संकेतस्थळे मुलांना फार आवडतात, पण ती अक्षरे कीबोर्डवर नसतात, अनेक खेळ ती नाकारतात, आणि पडदा वाचून दाखवणाऱ्या साधनावर अवलंबून असलेल्या दृष्टिहीन खेळाडूला ती नीट ऐकू येत नाहीत.

बदलूनही जुनेच नाव दिसत असेल तर

प्रथम खेळ पूर्ण बंद करून पुन्हा उघडावा. तरीही जुने नाव दिसले, तर त्या खेळातून बाहेर पडून पुन्हा त्याच खात्याने प्रवेश करावा. काही खेळ नेटवर्ककडून नाव एकदाच घेऊन स्वतःजवळ ठेवतात, आणि अशा खेळात ते वेगळे बदलावे लागते. प्रवेश करताना दुसरे खाते निवडले गेले, तर खेळ जणू पहिल्यापासून सुरू झालेला दिसतो. अशा वेळी घाबरून काही पुसू नये, बाहेर पडून मूळ खात्याने पुन्हा आत यावे.

आपल्या स्वतःच्या फोनवर आपल्याला सगळेच दिसते, त्यामुळे इतरांना काय दिसते हे तेथून कळत नाही. म्हणून सर्व झाल्यावर एखाद्या मित्राला त्याच्या फोनवरून आपले प्रोफाइल उघडायला सांगावे आणि त्याला कोणते नाव, कोणते चित्र आणि कोणत्या खेळांची यादी दिसते ते शेजारी बसून पाहावे. भाच्याच्या बाबतीत आम्ही हे केले तेव्हा नाव बदललेले होते, पण प्रोफाइलच्या चित्रात तो शाळेच्या गणवेशात उभा होता आणि खिशावरचे शाळेचे बोधचिन्ह स्पष्ट वाचता येत होते. ते चित्रही त्याच संध्याकाळी बदलले.