पाठीतली भूल शिकायला आलेल्यांसाठी

अ‍ॅनेस्थेशियाला नव्याने आलेल्या रेसिडेंटचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: "मॅडम, स्पायनलला हात कधी बसतो?" स्पायनल म्हणजे पाठीत सुई घालून मज्जारज्जूभोवतीच्या पाण्यात औषध सोडून दिलेली भूल. तिला हात लवकर बसतो. सरकारी मेडिकल कॉलेजात सिझर, हर्निया, हायड्रोसील, खुब्याचं हाड, प्रोस्टेट अशी रोज रांग असते, त्यामुळे सुई जागेवर पडायला फार महिने लागत नाहीत. वेळ लागतो तो दुसऱ्याच दोन गोष्टींना. स्पायनल कोणाला द्यायचं नाही हे ओळखायला, आणि सुई काढल्यानंतरची पंधरा-वीस मिनिटं सांभाळायला. मी इथे त्यावरच जास्त बोलणार आहे.

तरी सुईचं आधी उरकू. मोठ्या माणसात मज्जारज्जू साधारण एल १-२ च्या (कमरेच्या पहिल्या-दुसऱ्या मणक्याच्या) पातळीवर संपतो, तान्ह्या बाळात एल ३ पर्यंत असतो. म्हणून मोठ्यांत आपण एल ३-४ किंवा एल ४-५ च्या फटीत जातो. दोन्ही बाजूंच्या कमरेच्या हाडांचे वरचे काठ जोडणारी रेघ एल ४ च्या आसपास मणक्याला छेदते, हे पुस्तकात आहेच. पुस्तकात ठळकपणे नसतं ते हे, की बोटांनी चाचपून ठरवलेली फट पुष्कळदा आपल्याला वाटते त्यापेक्षा एक मणका वर असते, गरोदर आणि जाड बाईत तर हमखास. दोन फटींत शंका असेल तर खालची घ्या.

पेशंटला बसवणं हे अर्धं काम. "पाठ वाकवा" म्हटलं की माणूस कमरेतून पुढे झुकतो आणि पाठ सपाटच राहते. "हनुवटी छातीला लावा, खांदे सैल सोडा, बेंबी मागे ओढा" असं सांगितलं की मणके उघडतात. समोर ओटीतल्या (ऑपरेशन थिएटरातल्या) मावशी किंवा मामा खांद्यांना धरून उभे असले पाहिजेत; त्यांनी हजारो पाठी पाहिलेल्या असतात, त्यांचं ऐका. खुबा मोडलेल्या आजोबांना बसवणं शक्य नसेल तर कुशीवर घ्या, पण त्याआधी फेमोरल नर्व्ह ब्लॉक किंवा फॅशिया इलियाका ब्लॉक द्या, म्हणजे मांडीच्या नसा बधिर करा. दुखणाऱ्या पायाने कण्हत असलेला म्हातारा माणूस पाठ वाकवणार तरी कशी? आणि म्हाताऱ्या पाठीत मधल्या रेषेतून सुई सारखी हाडावर आपटत असेल तर हट्ट धरू नका, एक-दीड सेंटीमीटर बाजूने पॅरामीडियन जा. त्या वाटेवर चुना साचलेले मधले लिगामेंट लागतच नाहीत.

सुई २५ गेजची क्विंके बहुतेक ठिकाणी मिळते. पेन्सिलसारख्या टोकाची व्हिटाकर मिळाली तर तरुण पेशंटला, विशेषतः बाळंतिणीला, तीच वापरा. तिने ड्युराला, म्हणजे मज्जारज्जूभोवतीच्या आवरणाला, पडणारं भोक लवकर मिटतं आणि नंतरची डोकेदुखी कमी होते. या डोकेदुखीचा इतिहास स्पायनलइतकाच जुना आहे. १८९८ मध्ये जर्मनीत कील इथे ऑगस्ट बीअर या सर्जनने कोकेन वापरून पेशंटला स्पायनल दिलं. मग स्वतःला कळावं म्हणून त्याने आणि त्याचा सहाय्यक हिल्डेब्रांट याने एकमेकांवरच प्रयोग केला. बीअरच्या वेळी सिरिंज सुईला नीट बसेना, पाणी वाहून गेलं, औषध गेलंच नाही. हिल्डेब्रांटवर मात्र भूल चढली, आणि ती तपासायला त्याच्या नडगीवर हातोडीने ठोकून पाहिलं. नंतर दोघांनी वाइन आणि सिगारसह जेवण केलं. पुढचे कित्येक दिवस बीअरला उभं राहिलं की डोकं दुखायचं आणि आडवं झालं की थांबायचं. आजही निदान याच खुणेवर होतं. पाणी, पॅरासिटामॉल, कॉफी यांनी आणि वेळ गेला की बहुतेकांचं भागतं. बाळाला पाजायलाही उठता येत नसेल तर ब्लड पॅच: पेशंटचंच पंधरा-वीस मिलिलिटर रक्त एपिड्यूरल जागेत, म्हणजे ड्युराच्या बाहेरच्या पोकळीत. बाईला फरक पडताना पाहिलात की हा उपाय आयुष्यभर लक्षात राहतो.

आता सुई काढल्यानंतरचं. सिझरसाठी हेवी ब्युपिवाकेन (बधिर करणारं औषध) ०.५ टक्के, साधारण १.८ ते २.२ मिलिलिटर, सोबत थोडं वेदनाशामक फेन्टानिल. भूल टी ४ पर्यंत, म्हणजे स्तनाग्रांच्या पातळीपर्यंत चढली पाहिजे. प्रोस्टेटला टी १०, म्हणजे बेंबी पुरते. ही चढणारी भूल रक्तवाहिन्या आकसून धरणाऱ्या सिम्पॅथेटिक नसाही बंद करते, पायातल्या रक्तवाहिन्या सैल पडतात आणि बीपी कोसळतं. मॉनिटरचा कफ तीन किंवा पाच मिनिटांवर लावून फाइल लिहायला बसणारा रेसिडेंट मला चालत नाही. पहिली दहा मिनिटं कफ दर मिनिटाला फुगला पाहिजे आणि तुम्ही पेशंटच्या डोक्याशी पाहिजे. बाई जांभया द्यायला लागली, "मळमळतंय" म्हणाली, "कसंतरीच होतंय" म्हणाली, तर मळमळीचं ओन्डान्सेट्रॉन शोधू नका, बीपी बघा. ती मळमळ बहुतेक वेळा बीपीची असते आणि कफच्या आकड्याच्या आधी येते.

उपाय सगळ्यांना पाठ असतो: गर्भाशय डावीकडे सरकवा, सलाइन सोडा, बीपी चढवायला फिनाइलेफ्रिन ५० ते १०० मायक्रोग्रॅम किंवा मेफेन्टरमिन ३ ते ६ मिलिग्रॅम. पण नाडी बघून निवडा. फिनाइलेफ्रिन नाडी आणखी खाली आणतं. नाडी आधीच पन्नाशीत असेल तर मेफेन्टरमिन किंवा इफेड्रिन, आणि नाडी वाढवायला अ‍ॅट्रोपिन हाताशी. भूल टी ४ च्याही वर गेली की हृदयाला वेग देणाऱ्या नसा सापडतात. बीपी आणि नाडी दोन्ही झपाट्याने खाली येत असतील तर ते प्रकरण मिनिटांचं नाही, सेकंदांचं आहे. वेळेवर अ‍ॅड्रेनॅलिन द्यायला लाजू नका.

वर चढलेलं स्पायनल ओळखायची माझी पद्धत साधी आहे. "श्वास घ्यायला जड जातंय" असं सिझरच्या निम्म्या बायका म्हणतात, कारण छातीच्या भिंतीची जाणीव गेलेली असते. तेव्हा मी हात पुढे करते आणि म्हणते, "माझी बोटं जोरात दाबा." पकड घट्ट असेल आणि आवाज खणखणीत असेल तर धीर द्यायचा. पकड ढिली, बोलणं कुजबुजल्यासारखं झालं, तर मास्क घ्या, ट्यूब तयार करा आणि सर्जनला सांगा. आडपडदा नको.

आणखी एक प्रसंग रोज येतो. सर्जन चिमट्याने चिमटा काढतो आणि विचारतो, "कळतंय का?" पेशंट म्हणतो, "हो, कळतंय!" लगेच सगळे तुमच्याकडे बघतात. प्रश्नच चुकलेला असतो. दुखण्याच्या आणि गारव्याच्या बारीक नसा आधी बधिर होतात, स्पर्श आणि दाब वाहणाऱ्या जाड नसा नंतर. हात लागल्याचं, ओढल्याचं कळणारच. म्हणून आधीच सांगून ठेवा: "हात लागलेला कळेल, ओढल्यासारखं वाटेल, पण दुखणार नाही. दुखलं तर मला सांगा, मी इथेच बसलेय." स्पिरिटचा बोळा आधी खांद्यावर, मग पोटावर फिरवून विचारा, "इथे गार लागतं तसं इथे लागतं का?" पण हे सगळं झाल्यावरही बाई "दुखतंय" म्हणाली, तर ती खरं बोलते असंच धरून चाला. "थोडं सहन करा" हे वाक्य आपल्या ओटींमधून कायमचं हद्दपार व्हायला हवं. भूल अर्धवट असेल तर थांबायला सांगा, पूर्ण भूल द्या.

एपिड्यूरलला, म्हणजे ड्युराच्या बाहेरच्या जागेत कॅथेटर (बारीक नळी) ठेवून दिलेल्या भुलीला, हात बसायला मात्र खरंच वेळ लागतो, कारण इथे पाणी दिसत नाही, सगळं बोटांवर. टुओही सुई, बहुतेकदा १८ गेज, सेंटीमीटरच्या खुणा असलेली. त्या जागेआधीच्या लिगामेंटम फ्लेव्हम या चिवट पट्ट्यात ती शिरते तेव्हा कच्च्या पेरूत शिरल्यासारखी करकरते, सिरिंजचा दट्ट्या दाबला तर उसळून परत येतो. आणि मग एका क्षणी विरोध संपतो, सलाइन आपसूक आत जातं. मोठ्या माणसात हे साधारण चार ते सहा सेंटीमीटरवर होतं, पण त्या आकड्यावर विसंबू नका. सुई धरलेल्या हाताची मागची बाजू पाठीला टेकलेली ठेवा; पेशंट दचकला तर सुई आणि हात दोन्ही त्याच्याबरोबर हलतात. कॅथेटर आत चार-पाच सेंटीमीटर ठेवा. तो अडला तर सुईतून मागे कधीच ओढू नका, सुईच्या धारेने तुटून आत राहतो. दोन्ही एकत्र बाहेर काढा, पुन्हा सुरुवात करा.

टेस्ट डोस म्हणजे अ‍ॅड्रेनॅलिन घातलेलं तीन मिलिलिटर लिग्नोकेन. मिनिटाभरात नाडी एकदम वीसेक ठोके वाढली तर कॅथेटर रक्तवाहिनीत. काही मिनिटांत पाय जड पडले तर पाण्यात. प्रसूतीच्या कळांमध्ये नाडी तशीही वरखाली होते, म्हणून दोन कळांच्या मध्ये द्या. आणि त्यानंतरचा प्रत्येक डोस टेस्ट डोस समजून तुकड्यातुकड्याने. ब्युपिवाकेन रक्तात गेलं तर जिभेला धातूसारखी चव येते, कानात आवाज येतो, झटके येतात, हृदय थांबतं. त्यावर उतारा २० टक्के लिपिड इमल्शन, किलोमागे १.५ मिलिलिटर, ते कुठल्या कपाटात आहे हे नव्या ओटीत पाऊल ठेवल्यावर पहिल्याच दिवशी बघून ठेवा.

वेदनारहित प्रसूतीच्या एपिड्यूरलमध्ये हल्ली फार पातळ औषध वापरतात, ०.१ टक्के किंवा त्याहून कमी ब्युपिवाकेन आणि थोडं फेन्टानिल. नातेवाईक विचारतात, "याने सिझर होईल का?" त्याने सिझरचं प्रमाण वाढत नाही, जोर देण्याचा टप्पा थोडा लांबू शकतो. सरळ सांगावं.

कोणाला द्यायचं नाही, हे शिकण्याची जागा पीएसी ओपीडी (ऑपरेशनआधी भुलीसाठी होणारी तपासणी) आहे, आणि नेमकी तीच रेसिडेंटना कंटाळवाणी वाटते. पेशंट "रक्त पातळ करायची गोळी" एवढंच सांगतो. पाकीट मागवा. नुसती अ‍ॅस्पिरिन चालते. क्लोपिडोग्रेल पाच ते सात दिवस आधी बंद हवी, पण नुकताच स्टेंट बसलेला असेल तर हृदयरोगतज्ज्ञाला विचारल्याशिवाय कोणीही बंद करायची नाही. रक्त पातळ करणाऱ्या एनॉक्सापॅरिन इंजेक्शनचा प्रतिबंधक डोस असेल तर त्यानंतर १२ तास थांबा, उपचाराचा असेल तर २४ तास. प्रीएक्लाम्प्सियात (गरोदरपणात बीपी वाढण्याच्या आजारात) प्लेटलेट नुसत्या ७०,००० च्या वर असून भागत नाही, त्या कुठल्या दिशेने चालल्या आहेत तेही बघा. सकाळी दीड लाख आणि संध्याकाळी ऐंशी हजार असतील तर मी पाठीला हात लावणार नाही. फुटलेल्या एक्टोपिकची (गर्भाशयाबाहेरच्या गर्भाची) पांढरीफटक पडलेली बाई टेबलावर आली आणि कोणी म्हणालं "पटकन स्पायनल देऊन टाका", तर नाही म्हणा. तिचं बीपी आकसलेल्या रक्तवाहिन्यांवर टिकलेलं असतं. स्पायनल नेमक्या त्याच सोडतं.

ट्रेवरच्या अँप्यूलबद्दल मी कडक आहे. १९४७ साली इंग्लंडमध्ये चेस्टरफील्डच्या रुग्णालयात एकाच दिवशी स्पायनल दिलेले दोन पेशंट कायमचे पांगळे झाले. अँप्यूल फिनॉल या जंतुनाशकात बुडवून ठेवत, न दिसणाऱ्या तड्यांतून ते आत शिरलं, असं १९५४ मध्ये न्यायालयाने मानलं. पुढे काहींनी निर्जंतुक करण्याच्या भांड्यातल्या आम्लावर संशय घेतला. कारण काहीही असो, त्या खटल्याने ब्रिटनमध्ये स्पायनल बरीच वर्षं मागे पडलं. आपल्या काळातला धोका रक्तस्राव थांबवणाऱ्या ट्रॅनेक्झॅमिक अ‍ॅसिडचा आहे. बाळंतपणाच्या ओटीत ते ब्युपिवाकेनच्या शेजारीच पडलेलं असतं, अँप्यूल दिसायला सारखी. चुकून पाठीत गेलं तर झटके येतात आणि अनेक जण दगावतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०२२ मध्ये यावर स्वतंत्र इशारा काढला. ते ओटीच्या दुसऱ्या कोपऱ्यात ठेवायला लावा, आणि फोडण्याआधी अँप्यूलवरचं नाव मोठ्याने वाचा. सिस्टर हसतील, हसू द्या. क्लोरहेक्सिडिन या जंतुनाशकाची वाटीही स्पायनलच्या ट्रेवर नको. पाठ पुसा, वाळू द्या, मग सुई.

कंबरदुखीचं काय? "सिझरला पाठीत इंजेक्शन दिलं तेव्हापासून कंबर दुखते" हे तुम्ही प्रत्येक लग्नात ऐकाल. टोचल्या जागी काही दिवस दुखतं, हे खरं. पण कायमची कंबरदुखी स्पायनल न घेतलेल्या बाळंतिणींतही तेवढीच आढळते. गरोदरपणात सैल पडलेले सांधे, बाळाला कडेवर घेणं, वाकून पाजणं याचा तो हिशोब असतो. वाद घालू नका, फिजिओथेरपीकडे पाठवा.

पुढे तालुक्याच्या गावांत खासगी काम करायला लागाल तेव्हा एका दिवसात चार दवाखाने होतील. तिथे स्पायनल "साधी भूल" समजतात, म्हणून बॉइल मशीन (पूर्ण भूल द्यायचं यंत्र) कोपऱ्यात चादरीखाली असतं. सुई हातात घेण्याआधी सिलिंडर उघडून बघा, सक्शन लावून बघा, लॅरिंगोस्कोपचा दिवा लावून बघा. माझ्या बॅगेत बीपी चढवणारं व्हॅसोप्रेसर, श्वासमार्ग उघडा ठेवणारी आयजेल, हाताने श्वास द्यायची अम्बू आणि जादा बॅटऱ्या कायम असतात.

आणि पुढच्या दवाखान्यात निघण्याआधी वॉर्डच्या सिस्टरला एक वेळ लिहून द्या. शेवटच्या डोसनंतर चार तासांनी पेशंटला पाय सरळ उचलता आला पाहिजे. नाही आला तर तुम्हाला फोन. उतरलेली भूल पुन्हा चढली, किंवा पाठीत नवीन जोराची कळ आली, तरी फोन. एपिड्यूरल जागेत रक्त साचून मज्जारज्जू दाबला जात असेल तर पहिल्या आठ-बारा तासांत ते काढलं तरच पाय परत येण्याची आशा असते, म्हणून "सकाळी बघू" नाही. लगेच एमआरआय. रात्री दोन वाजता तो जवळ कुठे होतो आणि मणक्याचा कोणता सर्जन फोन उचलतो, हे दोन्ही नंबर फोनमध्ये आजच टाकून ठेवा.