ताणाच्या काळात कार्यालय आणि घर कसं चालवावं

पूर, साथ, मोठी आग, अचानक आटलेला निधी, घरातल्या कर्त्या माणसाचं आजारपण. प्रसंग वेगवेगळे असले तरी ताण आला की सरकारी कार्यालय आणि घर बरंचसं सारखं वागतं. बॅरी स्टॉ, लान्स सँडलँड्स आणि जेन डटन या संशोधकांनी १९८१ मध्ये ही गोष्ट नेमकी मांडली: धोका दिसला की माणूस, गट आणि संस्था, तिन्ही आकसतात. माहिती येण्याच्या वाटा कमी होतात, निर्णय एकाच हातात गोळा होतात आणि सवयीचं तेच काम आणखी जोर लावून केलं जातं. धोका ओळखीचा असेल तर तेवढ्यावर निभावतं. नवा असेल तर तीच सवय घात करते.

हे आकसणं वेळेत ओळखता येतं. कार्यालयात साधा कागदही सहीसाठी वर जाऊ लागतो, रोज नव्या नमुन्यात अहवाल मागितला जातो, बैठका वाढतात आणि खालची वाईट बातमी वर पोचेपर्यंत सौम्य होत जाते. घरात एकच माणूस सगळं अंगावर घेतो, पैशाचा विषय टाळला जातो, मुलं खोलीत आली की मोठी माणसं गप्प होतात. यांतली दोन लक्षणं दिसली तरी कामाला लागा, तिसऱ्याची वाट पाहू नका.

आधी भार मोजा

युद्धामुळे ताटातूट झालेल्या कुटुंबांचा अभ्यास करून रूबेन हिल यांनी १९४९ मध्ये एक मांडणी केली. संकट नुसत्या घटनेतून उभं राहत नाही. घटना, हाताशी असलेली साधनं आणि त्या घटनेचा घरानं लावलेला अर्थ, या तिन्हींतून ते ठरतं. पुढे मॅककबिन आणि पॅटरसन यांनी त्यात साचत गेलेल्या भाराची भर घातली.

व्यवहारात याचा उपयोग असा. कागदावर तीन रकाने आखा: आता काय कोसळलं, आधीपासून काय चालू होतं, हाताशी कोण आणि काय आहे. अर्धा तास पुरतो. बहुतेकांची चूक दुसऱ्या रकान्यात होते. नव्या घटनेकडेच सगळ्यांचं लक्ष असतं. रिकामी पदं, तुंबलेली प्रकरणं, जुनं कर्ज, आजीचं पथ्यपाणी हे सगळं मोजायचं राहतं आणि माणसं नेमकी त्यानेच थकतात. अर्थ लावण्याकडेही लक्ष ठेवा. ‘हे कोणामुळे झालं?’ यावरच चर्चा दोन दिवस घुटमळत असेल तर ती तिथेच थांबवा. तो प्रश्न नंतरच्या यादीत लिहून ठेवा आणि ‘उद्या सकाळी काय करायचं?’ याकडे वळा.

काय करायचं नाही ते लिहून काढा

ताणात नवी कामं येतात, जुनी मात्र कोणी काढून घेत नाही. म्हणून कार्यालयानं पहिल्याच दिवशी कामांचे तीन गट करावेत. पहिला गट एक दिवसही थांबवता न येणाऱ्या कामांचा: औषधं, पाणी, निवारा, निवृत्तिवेतन, पगार. दुसरा गट आठवडाभर थांबला तर चालेल अशांचा, तिसरा महिनाभर थांबला तरी चालेल अशांचा.

दुसऱ्या आणि तिसऱ्या गटासाठी लेखी आदेश काढा आणि त्यात काम पुन्हा सुरू करण्याची तारीख घाला. तोंडी सांगून भागत नाही. उद्या चौकशी लागली तर ‘काम का राहिलं?’ याचं उत्तर ज्याचं टेबल आहे त्यालाच द्यावं लागतं, हे प्रत्येक कर्मचाऱ्याला ठाऊक असतं. लेखी आधार नसेल तर तो भीतीपोटी दोन्ही कामं ओढत राहतो आणि दोन्ही बिघडतात.

घरातही हीच यादी करा, पण एक गोष्ट तिच्यातून वगळा. रोजचं एकत्र जेवण, झोपताना मुलांना गोष्ट, असा एखादा ठरलेला प्रघात कितीही धावपळ झाली तरी मोडू नका. वीस मिनिटांचा असला तरी चालेल. बाकी सगळं हललेलं असताना मुलांना आणि वृद्धांना तेवढाच स्थिर आधार असतो.

कोणी ठरवायचं

कॅलिफोर्नियातल्या १९७० च्या वणव्यांत अनेक यंत्रणा एकाच वेळी धावल्या, पण हुकूम कोणाचा आणि निरोप कोणाला द्यायचा यात गोंधळ झाला. त्या अनुभवातून आपत्तीच्या जागी नेतृत्व कसं असावं याची पद्धत बसवली गेली आणि आज ती अनेक देशांत वापरली जाते. तिचे दोन नियम कोणत्याही कार्यालयाला लागू पडतात. एका माणसाच्या हाताखाली तीन ते सात जण असावेत, पाच असले तर उत्तम. आणि प्रत्येकानं एकाच वरिष्ठाला उत्तर द्यावं.

त्यासोबत अधिकार खाली द्या आणि त्याची मर्यादा आकड्यात लिहा: किती रकमेपर्यंत, कोणत्या कामासाठी, किती दिवस. ‘परिस्थिती पाहून निर्णय घ्यावा’ अशा वाक्यावर कोणी निर्णय घेत नाही. काम प्रचंड आणि स्वतःच्या हातात काहीच नाही, ही जोडी माणसाला सर्वांत जास्त झिजवते, असं रॉबर्ट कॅरासेक यांनी १९७९ मध्ये मांडलं. खिडकीवर बसलेल्या कर्मचाऱ्याचं नेमकं तेच होतं. कोणती त्रुटी आपल्या पातळीवर माफ करायची, कोणाला रांगेतून पुढे घ्यायचं, एवढं त्याला ठरवू द्या. रांगही हलते आणि माणूसही टिकतो.

घरात दोन माणसं नेमा, एक बाहेरचं पाहणारा आणि एक घरातलं. नातेवाइकांचे फोन तिसऱ्यानं घ्यावेत. रुग्णाजवळ बसलेल्या माणसाला दिवसातून तीस वेळा तीच हकीकत सांगायला लावू नका. कागदपत्रं, किल्ल्या, औषधांच्या वेळा या गोष्टी किमान दोघांना माहीत हव्यात.

निरोप परत म्हणून घ्या

२७ मार्च १९७७ रोजी स्पेनच्या टेनेरिफ बेटावरच्या विमानतळावर धुक्यात दोन विमानं धावपट्टीवर एकमेकांवर आदळली आणि ५८३ माणसं गेली. वैमानिक आणि नियंत्रण कक्ष यांच्यातल्या बोलण्याचा दोन बाजूंनी वेगळा अर्थ लागला होता. त्यानंतर विमान वाहतुकीत ठरावीक शब्द वापरण्यावर आणि सूचना परत म्हणून दाखवण्यावर कडक भर आला.

जमिनीवरही हेच करा. निरोपात चार गोष्टी हव्यात: काय झालं, नक्की काय कळलंय, काय हवंय, कधीपर्यंत हवंय. ऐकणाऱ्यानं तो आपल्या शब्दांत परत म्हणावा. नुसत्या ‘हो’ला निरोप पोचला असं धरू नका. पाळी बदलताना दोन्ही पाळ्यांची माणसं पंधरा मिनिटं एकत्र असावीत आणि अर्धवट राहिलेली कामं लिहून द्यावीत, कारण ताणाच्या काळात सर्वाधिक गोष्टी सुटतात त्या पाळीच्या सांध्यावर. रुग्णालयात आळीपाळीनं थांबणाऱ्या भावंडांनीही एक वही पलंगाजवळ ठेवावी.

झोप

सलग १७ तास जागलेल्या माणसाचं काम रक्तात ०.०५ टक्के मद्य असलेल्या माणसाइतकं घसरतं, हे डॉसन आणि रीड यांनी १९९७ मध्ये दाखवलं. २४ तास जागल्यावर ते ०.१० टक्क्यांच्या आसपास जातं. थकलेल्याला हे स्वतःला जाणवत नाही, धोका तिथेच असतो. म्हणून पाळी बारा तासांपुढे नेऊ नका. रात्री उशिरा पैसे, औषधाचं प्रमाण किंवा माणसं हलवण्याचा निर्णय घ्यावाच लागला तर ताज्या डोक्याच्या दुसऱ्या माणसाकडून तो तपासून घ्या.

इथे अडचण प्रमुखाची असते. तो तीन दिवस घरी गेला नाही की हाताखालचं कोणीही जात नाही. त्यानं पहिल्याच दिवशी आपल्या जागी बसणाऱ्याचं नाव आणि वेळ फळ्यावर लिहावी, आणि त्या वेळी खरोखर उठून जावं. घरी शुश्रूषा करणाऱ्याला दुपारच्या तुटक डुलक्यांपेक्षा एकसलग सहा-सात तास मिळतील अशी वाटणी करा.

कर्मचाऱ्यालाही घर असतं

आपली माणसं सुखरूप आहेत की नाहीत हे कळत नसेल तर कर्मचारी एकतर येत नाही, किंवा येतो आणि त्याचं लक्ष फोनकडे राहतं. पहिल्या तासात प्रत्येकाला घरी बोलायची मुभा द्या. लहान मूल असलेले, एकट्यानं आईवडिलांना सांभाळणारे, दोघंही जोडीदार तातडीच्या सेवेत असलेले, अशांची यादी शांत काळातच तयार ठेवा आणि पाळ्या लावताना ती समोर असू द्या. अशा घरांनी मुलं कोणाकडे सोडायची हे आधी ठरवून त्या शेजाऱ्याला तसं स्पष्ट विचारलेलं असावं.

खिडकीच्या दोन बाजू

थकलेलं घर आणि थकलेलं कार्यालय समोरासमोर येतात ते खिडकीपाशी. दोन्हीकडचा ताण इथे कमीही करता येतो आणि दुप्पटही होतो.

कार्यालयानं कागदांची यादी पहिल्याच भेटीत पूर्ण द्यावी. एक त्रुटी काढली, ती दुरुस्त करून माणूस आला की दुसरी काढली, हे सर्वांत क्रूर आहे. त्यात कोणाचाच वेळ वाचत नाही, कारण तोच माणूस चार वेळा रांगेत दिसतो. सगळ्या त्रुटी एकदम आणि लेखी कळवा. आपल्याच दप्तरात असलेला कागद अर्जदाराकडे मागू नका. एक कर्मचारी रांगेतून फिरता ठेवा, त्यानं कागद आधीच पाहून घ्यावेत. तीन तास उभं राहून ‘हा दाखला नाही’ ऐकणारा माणूस ओरडला तर नवल नाही. ओरडणाऱ्याशी आवाज खाली ठेवून बोला, त्याचं नाव विचारा आणि एकच पुढची पायरी सांगा. ताणातला माणूस एका वेळी एकच गोष्ट धरून ठेवू शकतो, म्हणून ती चिठ्ठीवर लिहूनही द्या.

कुटुंबानं एक फाईल करावी:

१. ओळख, पत्ता, नातं, उत्पन्न, बँक खातं आणि आजारपणाचे कागद. प्रत्येकाच्या तीन प्रती, मूळ प्रती वेगळ्या पाकिटात.
२. एक वही: तारीख, कोणतं टेबल, काय सांगितलं, पुढची तारीख.
३. अर्ज एका पानाचा. पहिल्याच वाक्यात काय हवंय ते, हकीकत त्याखाली.
४. दिलेल्या प्रत्येक कागदाची पोच, शिक्का आणि तारखेसह.

खिडकीवर एकट्यानं जाऊ नका. एकानं बोलावं, दुसऱ्यानं लिहावं. निघण्याआधी तीन प्रश्न विचारा: आता काय कमी आहे, पुढचा निर्णय कोणाकडे आहे, आणि कधी यायचं.

सांगायला बातमीच नसेल तेव्हा

हा सर्वांत अवघड भाग. माणूस बेपत्ता आहे, जिवंत की नाही ते कळत नाही. पॉलीन बॉस यांनी १९७० च्या दशकात युद्धात बेपत्ता झालेल्यांच्या कुटुंबांसोबत काम केलं आणि अशा दुःखाला शेवट नसलेलं, अधांतरी दुःख म्हणून वेगळं ओळखलं. शोक करता येत नाही आणि आशाही सोडवत नाही.

अशा वेळी कार्यालयानं प्रत्येक कुटुंबासाठी एक माणूस नेमावा आणि बोलण्याची वेळ ठरवावी, समजा सकाळी दहा आणि संध्याकाळी सहा. सांगायला काही नसलं तरी ती वेळ चुकवू नये. ‘आज नवीन काही कळलं नाही, शोध इथपर्यंत आलाय, उद्या दहाला बोलू’ एवढं पुरतं. त्या वेळी फोन आला नाही तर घर वाईटात वाईट गृहीत धरतं. अंदाज सांगू नका, धीर देण्यासाठीही नाही. पक्की बातमी घरच्यांना आधी, बाहेर नंतर.

घरात सगळ्यांची मनं एकाच गतीनं चालत नाहीत. एकानं स्वीकारलं म्हणून दुसऱ्याला ‘आता मान’ असं म्हणू नका. त्याच वेळी बँक, शाळा, भाडं यांचे निर्णय अडवूनही ठेवू नका. मुलांना खरं सांगा, त्यांच्या वयाला पेलेल एवढ्याच शब्दांत. मूल अंथरूण ओलं करू लागलं किंवा सतत चिकटून राहू लागलं तर रागावू नका. बहुधा ते काही आठवड्यांत ओसरतं.

ताण ओसरल्यावर

सगळ्यांना एका खोलीत बसवून घडलेलं सक्तीनं बोलायला लावणारी बैठक घेऊ नका. अशा एकाच सत्राने पुढचा मानसिक त्रास टळत नाही, असं अभ्यासांत दिसलं आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०११ च्या मार्गदर्शिकेतली वाट साधी आहे: पाहा, ऐका, जोडून द्या. कोणाला काय हवंय ते पाहा, बोलायचं असेल तर ऐका, आणि योग्य माणसाशी किंवा सेवेशी गाठ घालून द्या. झोप आणि भूक महिनाभर रुळावर आली नाही, दारू वाढली, तर डॉक्टरांकडे न्या. जीव देण्याचा विचार कोणी बोलून दाखवला तर त्याच दिवशी न्या आणि तोवर त्याला एकटं सोडू नका.

कामाचा आढावा मात्र दोन आठवड्यांच्या आत घ्या. काय व्हायचं ठरलं होतं, काय झालं, फरक का पडला, पुढच्या वेळी काय बदलायचं, एवढे चार प्रश्न पुरतात. शिस्तभंगाची चौकशी असेल तर ती पूर्ण वेगळी ठेवा, नाहीतर आढाव्यात कोणी खरं बोलणार नाही.

मग पहिल्या दिवशीचा, कामं थांबवण्याचा आदेश काढून समोर ठेवा. ती सगळी कामं एकदम सुरू केलीत तर थकलेल्या माणसांवर दुसरा डोंगर कोसळेल. तिसऱ्या गटाची तारीख आणखी पुढे ढकला, सर्वांत जास्त राबलेल्यांना आधी रजा द्या आणि ज्या कामाची महिनाभरात कोणीच आठवण काढली नाही ते कायमचं बंद करता येईल का, ते वरिष्ठांना लेखी विचारा.