देणं फिटलं, केस अजून उभी आहे

पैशाच्या फसवणुकीची पोलिसात फिर्याद झाली, मग पैसे परत गेले, पंचांसमोर बाँडवर सह्या झाल्या, एकमेकांच्या घरी चहापाणीही झालं. तरी केस चालूच. 'माझी आता तक्रार नाही' असं ठाण्यात लिहून दिलं की संपलं, हा आमच्या बेळगाव-खानापूरकडचा जुना समज. गुन्हा नोंदला की केस सरकारची होते, ती कोर्टाच्या ऑर्डरनेच संपते.

म्हणून आधी एफआयआर आणि चार्जशीटच्या प्रती काढा. कर्नाटकात त्या कन्नडमध्ये असतात. अंदाजाने नको, कलमं जाणत्याकडून वाचून घ्या. नुसती फसवणूक आणि विश्वासघात, म्हणजे जुन्या भारतीय दंड संहितेचं (आयपीसी) कलम 420 आणि 406, असेल तर तालुक्याच्या कोर्टातच परवानगी घेऊन तडजोड होते आणि आरोपी निर्दोष सुटतो. लोकअदालतीतही जमतं. खोटी सही, बनावट दस्त, म्हणजे 467, 468, 471 लागलं असेल तर मात्र हायकोर्टच गाठायचं. तिथला अर्ज पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या (सीआरपीसी) कलम 482 खाली व्हायचा, 1 जुलै 2024 पासून नागरिक सुरक्षा संहितेच्या 528 खाली. वाद खरोखर दोन घरांमधला पैशाचा असेल तर हायकोर्ट अशी केस रद्द करू शकतं, हे ज्ञान सिंग खटल्यात 2012 साली सुप्रीम कोर्टाने सांगितलंय. बँकेला गंडवलेलं असेल तर ती आशा धरू नका.

कुठलं हायकोर्ट, हे गुन्हा कुठल्या ठाण्यात नोंदलाय त्यावर. बेळगाव, निपाणी, खानापूर असेल तर कर्नाटक हायकोर्टाचं धारवाड खंडपीठ. चंदगड-गडहिंग्लजला नोंदलाय तर बेळगावात राहूनही कोल्हापूर. तिथे 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय.

तडजोडपत्रात रक्कम, तारीख, आरटीजीएसचा नंबर सगळं यावं. रोख दिले असतील तर सही केलेली पावती. फिर्यादीचं प्रतिज्ञापत्र हा सगळ्यात नाजूक कागद. हायकोर्टात ते इंग्रजीत जातं आणि आपली माणसं मराठीत सही ठोकून मोकळी होतात. ते मराठीत वाचून दाखवलं, समजलं, अशी ओळ खाली घालून घ्या. न्यायाधीशांनी 'दबावाने केलं का?' विचारल्यावर फिर्यादी गोंधळला तर सगळं फसतं. नावंही जुळवा. मी पाहिलेल्या एका एफआयआरमध्ये वडिलांचं नाव मल्लाप्पा, आधारवर मालू. तेवढ्यासाठी 'दोघे एकच' असं वेगळं प्रतिज्ञापत्र करून आणावं लागलं.

शेवटचा हप्ता हातात ठेवा, असं माझं स्पष्ट मत. डीडी काढून फिर्यादी कोर्टात उभा राहिल्यावरच द्या. तडजोडपत्रात तसंच लिहा, म्हणजे कुणाला राग येणार नाही.

चेक बाउन्सची 138 ची केस असेल तर ती वेगळी. एफआयआर रद्द झाला म्हणून ती आपोआप जात नाही, तिचा समेट त्या कोर्टात स्वतंत्र नोंदवा. आणि धारवाडला अर्ज पडला म्हणून इकडची तारीख चुकवू नका, स्टे नसेल तर वॉरंट निघतं.

धारवाडचं खंडपीठ गावाबाहेर हायवेलगत आहे. फिर्यादी आणि आरोपी एकाच गाडीतून जाणार असाल तर उत्तम, पण मूळ आधार दोघांनी आपापलं घ्या.

ऑर्डर झाली की सर्टिफाइड कॉपी काढून एक तालुक्याच्या कोर्टात, एक ठाण्यात पोचती करा, शिक्का घ्या. जामीनदाराला मोकळं करून त्याचे कागद परत मागा. कोर्टाच्या फाइलीत अडकलेले मूळ चेक आणि प्रॉमिसरी नोट यांच्यासाठीही अर्ज द्यावा लागतो. तो त्याच दिवशी लिहून टाका.