फुले जन आरोग्य योजनेत बसायचंय? मग आधी घरातलं रेशन कार्ड उघडा

महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजना म्हणजे ठरावीक हॉस्पिटलांत ठरावीक उपचार फुकट देणारी राज्याची योजना. तिच्यावरचे बहुतेक सल्ले ‘हॉस्पिटलात जा आणि आरोग्यमित्राला (हॉस्पिटलात बसणाऱ्या योजनेच्या माणसाला) भेटा’ इथे संपतात. आरोग्यमित्राला भेटायचंच आहे. पण तो पात्रता देत नाही, तपासतो. पात्रता ठरते रेशन कार्डावर, आणि कार्डातली चूक हॉस्पिटलच्या खिडकीवर दुरुस्त होत नाही. ती तहसील कचेरीतल्या पुरवठा शाखेत होते, मुंबईत शिधावाटप कार्यालयात. तिथे लागतात आठवडे. पेशंटकडे तेवढे नसतात. म्हणून हे सगळं घरात कुणी आजारी नसताना करायचं.

कोण बसतं

पिवळं, अंत्योदय, अन्नपूर्णा आणि केशरी कार्डवाले पहिल्यापासून आहेत. पिवळ्याची वार्षिक उत्पन्नमर्यादा 15,000 रुपये, केशरीची त्यापुढे 1 लाखापर्यंत. केशरी कार्डावर धान्य मिळत नाही म्हणून दवाखानाही मिळणार नाही, असं समजून घरी बसलेली माणसं मी खूप पाहिली आहेत. धान्याचा शिक्का वेगळा, ही योजना वेगळी. तुमचं कार्ड केशरी असेल तर तुम्ही आत आहात.

पांढऱ्या कार्डाबद्दलचे जुने सल्ले फेकून द्या. पूर्वी पांढऱ्या कार्डावर 14 आपत्तिग्रस्त जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांपुरतीच सोय होती. जुलै 2023 च्या शासन निर्णयाने योजना राज्यातल्या सर्व कुटुंबांना लागू केली, अंमल 1 जुलै 2024 पासून आला, आणि दीड लाखाचं संरक्षण दर कुटुंबामागे वर्षाला 5 लाखांवर गेलं. अडचण एवढीच की अनेक पांढरी कार्डं ऑनलाइन नोंदीत चढलेलीच नाहीत. त्यामुळे पुढचं त्यांनी जास्त लक्ष देऊन वाचावं.

कार्डच नसेल तर तहसीलदाराचा उत्पन्नाचा दाखला काढून नवीन कार्डासाठी अर्ज करा. सेतू केंद्र किंवा ‘आपले सरकार’ पोर्टलवरून दाखला निघतो, त्याला तलाठ्याचा अहवाल लागतो. तलाठ्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण गावात विचारताना तलाठीच विचारा.

खरा घोळ: नावं

कार्ड कागदावर काय म्हणतं याला हॉस्पिटलात अर्थ नाही. तिथे बघतात ती 12 अंकी ऑनलाइन क्रमांकाखालची नोंद. तुमच्या दुकानदाराकडून हा क्रमांक घ्या, किंवा मेरा राशन ॲपवर आधार क्रमांक टाकून बघा. तिथे घरातल्या प्रत्येकाचं नाव दिसलं पाहिजे. एकूण एक. म्हातारी आई आणि नवी सून ही दोन नावं हमखास गळलेली असतात.

माझ्या वहिनीचं नाव चढवताना यातलं सगळं मला बघायला मिळालं. कारकुनाने कार्डाच्या पानावर पेनाने नाव लिहिलं, वर गोल शिक्का मारला आणि ‘झालं तुमचं काम’ म्हणाला. ऑनलाइन काहीच झालेलं नव्हतं. ज्या नोंदीवर गाडी अडते तिथे शाईला किंमत शून्य. नाव स्क्रीनवर दिसेपर्यंत काम झालं असं धरू नका, कोण काय म्हणतो ते म्हणू दे.

सुनेचं नाव का चढत नाही, तर तिचा आधार क्रमांक अजून माहेरच्या कार्डाला जोडलेला असतो. एक आधार दोन कार्डांवर चालत नाही, अर्ज आपोआप परत येतो आणि कारण कुणी सांगत नाही. क्रम असा: आधी माहेरच्या तालुक्यात नमुना 9 भरून नाव कमी करायचं, नाव कमी केल्याचा दाखला हातात घ्यायचा, मग सासरच्या तालुक्यात नमुना 8, सोबत तो दाखला, विवाह नोंदणीचं प्रमाणपत्र आणि आधार. उलट क्रमाने केलंत तर दोन्हीकडे हेलपाटे.

इथे माणसांचा गुंताही असतो. माहेरचं कार्ड प्राधान्य गटातलं, म्हणजे माणशी धान्य मिळणारं, असेल तर नाव कमी झालं की तिच्या वाट्याचं महिन्याचं 5 किलो धान्य जातं, म्हणून ‘बघू दिवाळीनंतर’ सुरू होतं. अंत्योदय कार्ड असेल तर कार्डामागे 35 किलो ठरलेले असतात, एक नाव गेल्याने दाणा कमी होत नाही. हे समजावून सांगितलं की बऱ्याच घरांतला विरोध मावळतो. प्राधान्य कार्डवाल्यांना मात्र स्पष्ट सांगा: पोरीच्या बाळंतपणात किंवा ऑपरेशनात अडचण आली तर ते धान्य कामाला येणार नाही.

दुसरा घोळ, नाव आहे पण जुळत नाही. कार्डावर कमलबाई, आधारवर कमल. कार्डावर नवऱ्याचं नाव मधे, आधारवर वडिलांचं. जन्मतारीख तर अर्ध्या गावाची 1 जानेवारी. अशा वेळी आधार केंद्राकडे पळू नका. आधारवर नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, जन्मतारीख एकदाच. आधार बरोबर असेल तर रेशन कार्ड त्याच्यासारखं करून घ्या, त्यासाठी नमुना 14 आहे. आधारच चुकलेलं असेल तरच आधी आधार, आणि तेही शाळेचा दाखला, पॅन, बँक पासबुक यांच्याशी ताडून, कारण ती संधी वाया गेली की परत मिळवणं फार जिकिरीचं होतं.

अर्जाची पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडायची नाही. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 मध्ये अधिसूचित सेवांना कालमर्यादा आहे आणि ती कार्यालयातल्या फलकावर लिहिलेली असते. मुदत उलटली की पहिलं अपील करता येतं, पण पोच नसेल तर अर्ज कधी दिला हेच सिद्ध होत नाही. एजंटला पैसे देऊ नका. तो तुमचाच अर्ज त्याच खिडकीवर देतो.

आयुष्मान कार्ड

फुले योजना केंद्राच्या आयुष्मान भारत योजनेशी जोडलेली आहे, म्हणून तिचं आयुष्मान कार्डही आयुष्मान ॲपवरून किंवा आशाताईंकडून, आपले सरकार केंद्रातून काढून घ्या. नोंदी जुळलेल्या असतील तर पटकन होतं. रेशन दुकानात अंगठा लावून झालेली ई-केवायसी (आधारवरून ओळख पटवणं) आणि या कार्डाची ई-केवायसी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एक झाली म्हणून दुसरी झाली असं नाही. आणि हे कार्ड हातात नाही म्हणून कुणी परत पाठवत असेल तर मागे फिरू नका: ऑनलाइन नोंद असलेलं रेशन कार्ड आणि फोटो ओळखपत्र यावरही फुले योजनेत नोंदणी होते. नवजात बाळाचं नाव कार्डात नसलं तर जन्मदाखला, आई किंवा वडिलांसोबतचा फोटो आणि त्यांची कागदपत्रं चालतात.

घरात 70 वर्षांचं किंवा त्यावरचं कुणी असेल तर त्यांचं आयुष्मान कार्ड आधारवर स्वतंत्र निघतं, उत्पन्नाची अट नाही.

हॉस्पिटलात

भरती होण्याआधी दोनच प्रश्न विचारा: हॉस्पिटल योजनेत आहे का, आणि *या आजारासाठी* आहे का. दुसरा प्रश्न लोक विसरतात. एखादं हॉस्पिटल हाडांसाठी अंगीकृत, म्हणजे योजनेत घेतलेलं, असतं, हृदयासाठी नसतं. काही उपचार फक्त सरकारी रुग्णालयांसाठी राखीव आहेत. यादीतले उपचारच मिळतात, नुसता ताप-खोकला दाखवायला ही योजना नाही.

आरोग्यमित्राकडे नोंदणी झाली की हॉस्पिटल ऑनलाइन पूर्वमंजुरी मागतं. ती येईपर्यंत म्हणूनसुद्धा डिपॉझिट भरू नका. ‘आत्ता भरा, नंतर परत मिळतील’ यावर अजिबात विश्वास ठेवू नका. योजना कॅशलेस आहे, स्वतः भरलेल्या बिलाचा परतावा त्यात नाही, आणि योजनेबाहेरच्या हॉस्पिटलात भरती झालात तर नंतर काहीही जोडता येत नाही. जीव धोक्यात असेल तर फोनवरून तातडीची मंजुरी घेण्याची सोय आहे. आरोग्यमित्र जागेवर नसला तर 155388 किंवा 1800 233 2200 लावा. पैसे मागितले तरी याच क्रमांकावर तक्रार करा आणि योजनेच्या जिल्हा समन्वयकाचा नंबर मागून घ्या. बहुतेक वेळा फोन लावताना बघूनच काउंटरवरची भाषा बदलते.

डिस्चार्जच्या दिवशी घाई करू नका. पेशंटचं जेवण, तपासण्या, औषधं पॅकेजमध्येच धरलेली असतात, तसंच डिस्चार्जनंतरच्या 10 दिवसांची देखभाल आणि घरी परतायचं एसटीचं किंवा रेल्वेच्या दुसऱ्या वर्गाचं भाडंही. ते भाडं मागितल्याशिवाय सहसा कुणी देत नाही, तेव्हा मागा.