बांधाचा वाद: मोजणीआधी आणि मोजणीनंतर या चुका टाळा

शेजाऱ्यानं बांध कोरला हे दिसलं की अनेकांच्या डोक्यात पहिला विचार येतो, आपणही ट्रॅक्टर घालून चार फूट परत घ्यायचे. कृपा करून हे करू नका. जुना बांध, त्यावरची बाभळ, हद्दीचा दगड हे तुमचेच पुरावे आहेत. नांगराच्या एका फेरीत ते जातात आणि ज्याची तक्रार खरी, त्याच्यावरच गुन्हा नोंदवला जातो. हद्द कुठे आहे हे पोलीस किंवा तलाठी ठरवत नाहीत. त्यासाठी तालुक्याच्या उपअधीक्षक, भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करायचा असतो.

‘सातबाऱ्यावर २ एकर, जागेवर ७० गुंठेच भरतात, म्हणजे शेजाऱ्यानं १० गुंठे दाबले’ हा हिशेबही घाईचा आहे. सातबारा क्षेत्र सांगतो, जमिनीचा आकार सांगत नाही. कमी भरलेली जमीन रस्त्यात, ओढ्यात गेलेली असू शकते किंवा भलत्याच बाजूच्या शेजाऱ्याकडे असू शकते. आरोप करण्याआधी गट नकाशा (तुमच्या गट क्रमांकाच्या जमिनीचा सरकारी नकाशा) आणि असल्यास फाळणी नकाशाची (गटाचे हिस्से पाडल्याच्या नकाशाची) नक्कल काढा.

सर्वांत महागात पडणारी चूक माझ्या मते हिश्श्याची. सातबाऱ्यावर तीन भावांची नावं असतात, प्रत्येकाच्या नावापुढे क्षेत्र असतं, वहिवाटही वर्षानुवर्षं वेगळी असते. पण नकाशात गट एकच! भूकरमापक, म्हणजे मोजणी करणारा सरकारी कर्मचारी, गटाची बाहेरची हद्द दाखवेल. भावाभावांमधली कशी दाखवणार? ती नकाशावर कधी आखलेलीच नाही. तरी लोक हद्द कायम मोजणीची (नकाशाप्रमाणे हद्दीच्या खुणा दाखवणाऱ्या मोजणीची) फी भरतात आणि हात हलवत परततात. अशा गटात आधी वाटप करून घ्यावं लागतं. सगळे सहधारक राजी असतील तर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ प्रमाणे तहसीलदारांकडे, नाहीतर दिवाणी न्यायालयात. मग पोटहिस्सा मोजणी, म्हणजे प्रत्येकाचा हिस्सा नकाशावर आखणारी. न फोडलेल्या गटातला तुकडा घेणाऱ्यांनी हे खरेदीखताआधीच तपासावं, कारण खतातली चतुःसीमा सरकारी नकाशात आपोआप उतरत नाही.

अर्जात लगतच्या सर्व कब्जेदारांची नावं-पत्ते बरोबर द्या. एखादा मयत असेल तर वारसांची नावं द्या, नाहीतर ‘आम्हाला नोटीसच नाही’ ही हरकत येतेच. उभ्या उसात मोजणी नीट होत नाही, त्यामुळे पीक निघाल्यावरची तारीख बघा. आणि शेजाऱ्यानं अर्ज केला असेल तर नोटीस नाकारून घरी बसू नका. मोजणी तुमच्याशिवायही होऊ शकते.

जागेवर दाखवलेली खूण पटली नाही तर भांडून निघून जाऊ नका, हरकत जबाबात लिहून द्या. नंतर निमताना मोजणीचा अर्ज करता येतो, तेव्हा वरचा अधिकारी पुन्हा मोजतो. पटली असेल तर त्याच दिवशी खुणांवर दगड रोवा. चुन्याची खूण पहिल्या पावसात जाते. मोजणी नकाशाची ‘क’ प्रत (अर्जदाराला मिळते ती) जपून ठेवा.

मोजणी झाली म्हणजे जमीन मिळाली, असं समजून लोक निर्धास्त होतात. भूकरमापक अतिक्रमण नकाशावर दाखवतो, ताबा देत नाही. तुम्हाला शेतजमिनीतून बेकायदा हुसकावून लावलं असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तेव्हापासून ६ महिन्यांच्या आत तहसीलदारांकडे जावं लागतं. ती मुदत हुकली तर मालकीच्या आधारे दिवाणी दावा करता येतो, पण शेजाऱ्याचा ताबा विरोधी होऊन (म्हणजे तुमचा हक्क नाकारून, स्वतःची जमीन म्हणून ठेवलेला) १२ वर्षं उलटली तर तोही हातचा जाऊ शकतो. ‘बघू पुढच्या हंगामात’ म्हणणाऱ्यांनी हे दोन आकडे लक्षात ठेवावेत.

तडजोड होत असेल तर जरूर करा, फक्त ती तोंडी किंवा नुसत्या स्टॅम्प पेपरवर ठेवू नका. जमिनीची अदलाबदल नोंदणीकृत दस्तानंच करा. एकमेकांची शेतजमीन किमान १२ वर्षं एकमेकांच्या ताब्यात असेल, तर २०२३ मध्ये आलेल्या सलोखा योजनेत अशा दस्ताला मुद्रांक शुल्क १००० रुपये आणि नोंदणी फी १००० रुपये ठेवली आहे. त्यासाठी ताब्याचा पंचनामा लागतो, तो तलाठ्याकडे अर्ज करून आधी करून घ्या.