‘डीएलएल सापडली नाही’ : फाइल शोधू नका, पॅकेज ओळखा

नवं सॉफ्टवेअर टाकलं, आयकॉनवर डबल क्लिक केलं आणि चौकट उमटली: व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडली नाही, म्हणून प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही. इथे बरेच जण फाइलचं नाव गूगलवर टाकतात, ‘मोफत डीएलएल’ वाटणारी पहिली साइट उघडतात आणि मिळालेली फाइल विंडोजच्या सिस्टम३२ या फोल्डरमध्ये नेऊन ठेवतात. हे अजिबात करू नका. ती फाइल कोणी बनवली, तिच्यात काय भरलंय, कोणत्या आवृत्तीची आहे, यातलं काहीच कळायला मार्ग नसतो. आणि डीएलएल म्हणजे चालणारा कोड असतो, फोटो नव्हे.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. अनेक प्रोग्रामना लागणारी सामाईक कामं प्रत्येकाने आपल्या पोटात भरून ठेवण्याऐवजी एका फाइलीत ठेवायची आणि ज्याला गरज पडेल त्याने ती वापरायची, अशी ही सोय. जागा वाचते, शिवाय एक दुरुस्ती केली की ती सगळ्यांना लागू पडते. पण ती एक फाइल गेली की तिच्यावर विसंबलेले सगळेच अडतात.

अशा सामाईक फाइली सुट्या नव्हे, पॅकेजमधून म्हणजे एकत्र इन्स्टॉल होणाऱ्या संचातून येतात. कुठलं पॅकेज हवंय ते बहुतेक वेळा फाइलच्या नावातच असतं. व्हीसीरनटाइम किंवा एमएसव्हीसीपी या नावांपुढे १४० असेल, तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल हे पॅकेज हवं. २०१५, २०१७, २०१९ आणि २०२२ या सगळ्या आवृत्त्यांना मिळून ते एकच आहे. एमएसव्हीसीपी किंवा एमएसव्हीसीआरपुढे १२० असेल तर २०१३ चं, ११० असेल तर २०१२ चं, १०० असेल तर २०१० चं. ही जुनी पॅकेजं एकमेकांची जागा घेत नाहीत, म्हणून कंट्रोल पॅनलमध्ये तीच ती नावं दिसली तरी ‘जास्तीची’ समजून काढू नका. जुन्या गेमला डी३डीएक्स९_४३ लागत असेल, तर डायरेक्टएक्सचं (विंडोजमधली गेम-ग्राफिक्सची सोय) जून २०१० चं एंड-यूजर रनटाइम टाकावं लागतं. विंडोज १० मध्ये डायरेक्टएक्स १२ असतं हे खरं, पण या जुन्या फाइली त्यात येत नाहीत.

पॅकेज मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून घ्या. तिथे एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) असे इन्स्टॉलर दिसतील. विंडोज ६४ बिट असेल तर हे दोन्ही टाका. खरी गफलत इथेच होते: मशीन ६४ बिट म्हणून फक्त एक्स६४ टाकलं जातं, पण प्रोग्राम ३२ बिटचा असेल तर त्याला एक्स८६ च लागतं. पॅकेज आधीच असेल तर इन्स्टॉलर ‘रिपेअर’ विचारेल. ते करा आणि मशीन रीस्टार्ट करा.

फाइली हाताने हलवणाऱ्यांना आणखी एक चकवा बसतो. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. नावं उलटी वाटतात खरी, पण व्यवस्था तशीच आहे. चुकीच्या बिटची फाइल प्रोग्रामच्या वाट्याला आली की ०एक्ससी०००००७बी हा एरर येतो.

पॅकेज टाकूनही तोच एरर येत असेल, तर प्रोग्रामचं स्वतःचं फोल्डर उघडून पाहा. विंडोज डीएलएल साधारणपणे आधी तिथे शोधतं, मग सिस्टम३२ मध्ये. कोणीतरी पूर्वी ‘उपाय’ म्हणून तिथे जुनी डीएलएल टाकली असेल, तर नवी कितीही नीट असली तरी तीच उचलली जाईल. ‘प्रोसीजर एंट्री पॉइंट’ सापडत नाही असा संदेश आला, तर बहुधा हेच झालेलं असतं: फाइल आहे, पण आवृत्ती चुकीची. प्रोग्राम अनइन्स्टॉल करून पुन्हा टाका. फाइल टाकल्या टाकल्या गायब होत असेल, तर विंडोज सिक्युरिटीत ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ बघा. अँटिव्हायरसने ती उचलून ठेवलेली असू शकते. क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरच्या बाबतीत त्याने ती उचलली, यात नवल नाही.

विंडोजच्या स्वतःच्या फाइली बिघडल्याची शंका असेल, तर कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. डिस्म आणि एसएफसी ही विंडोजचीच दुरुस्तीची साधनं. आधी डिस्मची ‘रिस्टोअर हेल्थ’ कमांड चालवा, मग एसएफसीची ‘स्कॅन नाऊ’. क्रम महत्त्वाचा, कारण एसएफसी ज्या साठ्यातून चांगली प्रत घेतं तो साठा डिस्म दुरुस्त करतं. डिस्म हा माल सहसा विंडोज अपडेटमधून आणतं, तेव्हा इंटरनेट चालू ठेवा. मध्येच ते टक्केवारीच्या एखाद्या आकड्यावर बराच वेळ अडून राहू शकतं. खिडकी बंद करू नका. मात्र प्रोग्रामसोबत आलेली डीएलएल हरवली असेल, तर या दोन्हींचा उपयोग नाही.

प्रोग्राम सुरू होऊन मध्येच कोसळत असेल, तर विंडोजच्या नोंदी दाखवणाऱ्या इव्हेंट व्ह्यूअरमध्ये विंडोज लॉग्जखाली ‘ॲप्लिकेशन’ उघडा आणि ‘फॉल्टिंग मॉड्यूल’समोरचं, म्हणजे प्रोग्राम ज्या फाइलीत कोसळला तिचं, नाव वाचा. तिथे एनटीडीएलएल किंवा कर्नलबेस या विंडोजच्या स्वतःच्या फाइली दिसल्या म्हणून लगेच ती फाइल बदलायला जाऊ नका. चुकीचा डेटा बहुधा दुसऱ्याच कोणीतरी दिलेला असतो, कोसळणं तेवढं तिथे नोंदलं जातं. एनटीडीएलएल खरोखर नाहीशी झाली असती, तर विंडोज सुरूच झालं नसतं.