चंद्रावरचं चित्र काढायचंय? आधी पृथ्वी लहान करा

स्पेस आर्ट म्हटलं की आपल्याकडचे पोट्टे काय काढतात ते ठरलेलं आहे. काळा कागद, खाली सुळक्यासारखे डोंगर, वर परातीएवढी निळी पृथ्वी, बाजूला चंद्रकोर आणि त्या कोरीच्या पोटात एक चांदणी. कोरीचा तो काळा भाग म्हणजे पोकळी नाही ना बाप्पा, तिथे अख्खा गोळा आहे, त्याच्या अलीकडे तारा येईल कुठून. पण यात पोट्ट्यांचा दोष नाही, सगळ्यांच्या डोक्यात हेच बसलंय, आणि ते कुठल्या फोटोने नाही तर चित्रकारांनीच बसवलंय. म्हणून म्हटलं एक चित्र नीट हिशोब करून काढायचं. सीन आपलाच घेऊ, चांद्रयान-3 जिथे उतरलं ती जागा, शिवशक्ती पॉइंट, 23 ऑगस्ट 2023.

सामान फार लागत नाही. ए-थ्री साइजचा जाड काळा कागद (42 बाय 29.7 सेंटिमीटर), काळा, पांढरा, बर्न्ट अंबर (गडद तपकिरी) आणि थोडा निळा ॲक्रेलिक, एक चपटा ब्रश, एक बारीक, पेन्सिल, पट्टी. नागपुरात सीताबर्डीत किंवा इतवारीत कुठल्याही स्टेशनरीवाल्याकडे मिळून जाईल. एप्रिल-मे मध्ये बसणार असाल तर कुलरच्या झोतासमोर अजिबात बसू नका, नागपूरच्या त्या हवेत ॲक्रेलिक प्लेटमध्येच वाळून पापडी धरतं, प्लेटखाली ओला फडका ठेवा आणि रंग थोडा थोडाच काढा.

आता हिशोब, आणि खरं काम इथेच आहे. कागद त्याच्या रुंदीइतक्या अंतरावरून बघायचा असं धरलं की फॉर्म्युला एकदम सोपा: कागदाची रुंदी गुणिले व्यास, भागिले अंतर. पृथ्वीचा व्यास 12,742 किलोमीटर, चंद्रापासून अंतर सरासरी 3,84,400. म्हणजे 42 सेंटिमीटरच्या कागदावर पृथ्वी येते साधारण 1.4 सेंटिमीटर, शर्टाच्या बटणाएवढी! पटत नाही, मला माहीत आहे, सगळ्यांचा पहिला प्रश्न हाच असतो की मग चंद्राच्या क्षितिजावर मोठी पृथ्वी दिसते तो अपोलो 8 वाला प्रसिद्ध फोटो काय खोटा आहे का. खोटा नाही, 24 डिसेंबर 1968 चा तो फोटो 250 मिमीच्या लेन्सने काढलाय, झूम केल्यावर पृथ्वी मोठी दिसणारच. आणि ती क्षितिजावरून वर येताना दिसली कारण यान फिरत होतं. चंद्राच्या जमिनीवर उभं राहिलात तर पृथ्वी उगवत नाही की मावळत नाही, किंचित डुलते पण जवळपास तिथल्या तिथे लटकून असते.

शिवशक्तीची जागा साधारण 69 अंश दक्षिणेला आहे, तिथून पृथ्वी क्षितिजापासून सुमारे 18 अंश वर, वायव्येकडे. हात लांब करून मूठ धरली की ती साधारण 10 अंश, म्हणजे पावणेदोन-दोन मुठी. कागदावर तेच (42 गुणिले टॅन 18 अंश) 13.6 सेंटिमीटर होतं. क्षितिजाची रेघ कागदाच्या तळापासून 8 सेंटिमीटरवर मारा, तिच्यावर 13.6 मोजा, तिथे बटणाएवढा गोल. आणि उतरलं त्या दिवशी आपल्याकडून चंद्र जवळपास अर्धा दिसत होता, तर तिकडून पृथ्वीही अर्धीच दिसणार. सूर्य उजव्या हाताला फ्रेमच्या बाहेर, नुकताच वर आलेला. म्हणून पृथ्वीची उजवी बाजू उजळ, डावी काळी, आणि जमिनीवरच्या झाडून सगळ्या सावल्या डावीकडे पडणार. हे एकदा पेन्सिलने कोपऱ्यात बाण काढून लिहूनच ठेवा, कारण चार दगड रंगवले की हात आपोआप कुठेही सावली टाकायला लागतो.

डोंगरांकडे या आता. टोकदार सुळके काढायचे नाहीत, आणि काहून नाही ते घरीच बघता येतं. एका जुन्या परातीत सुकं सिमेंट चाळून घ्या (तोंडाला रुमाल बांधा, पोट्ट्यांना लांब ठेवा), चमच्याने दोन-तीन गुळगुळीत उंचवटे करा, वरून गोट्या टाकून खड्डे पाडा, मग खोलीत अंधार करून मोबाईलचा टॉर्च परातीच्या काठाला अगदी खाली टेकवून धरा. उंचवटा बोटभर पण नाही आणि त्याची सावली परातीच्या दुसऱ्या टोकापर्यंत जाते, आणि निमुळती होत जाते, बघताना असं वाटतं की इथे कमीत कमी सह्याद्रीचा सुळका आहे. टॉर्च हळूहळू वर उचला, सुळका गायब, साधी टेकडी. दुर्बिणीतून चंद्र बघणाऱ्यांची फसगत अशीच झाली. 1874 मध्ये जेम्स नॅस्मिथने तर प्लास्टरचे चंद्राचे डोंगर करून त्यांचे फोटोच छापले होते, अणकुचीदार. मग चेस्ली बोनस्टेल, अमेरिकेतला स्पेस आर्टचा सगळ्यात मोठा माणूस, त्यानेही तसेच सुळके रंगवले, आणि त्याचं चित्र म्हणजे लोकांसाठी फोटोच. पुढे यानं आणि माणसं प्रत्यक्ष तिथे पोचली तर डोंगर निघाले गोल, म्हाताऱ्या गालांचे.

गंमत म्हणजे लुसियाँ रूदो नावाच्या फ्रेंच चित्रकाराने हे त्याच्या कितीतरी आधी बरोबर काढलं होतं. त्याने काय वेगळं केलं, तर चंद्राच्या मधल्या सावल्यांवर विश्वास न ठेवता कडेची रेघ बघितली, जिथे डोंगर आपल्याला बाजूने दिसतात. तुम्हीही गच्चीवरून साध्या बायनाक्युलरने बघा, हात भिंतीला टेकवून. कड जवळपास गुळगुळीत दिसते, कुठे कुठे बारीकसा फुगवटा. पण नाव कोणाचं झालं, बोनस्टेलचं. मला विचाराल तर लोकांना सुळकेच हवे होते, आजही हवे आहेत, कुठल्याही गेमचं कव्हर उघडून बघा.

बोनस्टेलला नावं ठेवायची नाहीत हां मला. तो मुळात आर्किटेक्चरवाला, नंतर हॉलिवूडमध्ये पडद्यामागची चित्रं रंगवायचा, आणि वर जो हिशोब केला तो त्याच्याच पद्धतीचा आहे. 1944 मध्ये लाइफ मासिकात त्याचं टायटनवरून, म्हणजे शनीच्या एका चंद्रावरून, दिसणाऱ्या शनीचं चित्र छापलं, बर्फाळ कडे आणि मध्ये शनीची कोर. शनीभोवतीची कडी जवळपास रेघेसारखी बारीक, आणि ते एकदम करेक्ट, कारण टायटन जवळपास कड्यांच्याच पातळीत फिरतो. आभाळ मात्र निळं, जिथे खरं तर दाट नारिंगी धुकं आहे, ते 14 जानेवारी 2005 ला हायगन्स यान तिथे उतरलं तेव्हा त्याच्या फोटोंत खालून दिसलं. पण हे चित्र बघून रॉकेटच्या नादाला लागलेली माणसं कमी नाहीत. पुढे 1952 ते 54 मध्ये कॉलियर्स मासिकात रॉकेटवाल्या फॉन ब्राउनच्या लेखांबरोबर त्याची चित्रं आली, तेव्हा स्पुटनिकला, म्हणजे पहिल्या कृत्रिम उपग्रहाला, अजून वेळ होता, आणि लोकांनी अंतराळ स्टेशन आधी चित्रात बघून घेतलं होतं.

रंगवताना आभाळ तसंच काळं सोडा. तारे काढू का, तर फोटोसारखं हवं असेल तर नको, उन्हातल्या जमिनीचं एक्स्पोजर धरलं की कॅमेऱ्यात तारे येत नाहीत. अगदीच राहवत नसेल तर टूथब्रशने पांढरा शिंपडा, पण पृथ्वीच्या काळ्या अर्ध्या भागावर आधी कागदाची टिकली ठेवा.

जमिनीला काळा-पांढरा मिसळून राखाडी आणि त्यात अंबरचा थेंब. नुसता राखाडी मेल्यासारखा दिसतो. आता सगळ्यात मोठी सवय मोडायची: लांबचा डोंगर निळसर, फिकट करायची. रामटेकची टेकडी लांबून निळी-धुरकट दिसते ती मधल्या हवेमुळे, चंद्रावर हवा नाही, मग लांबचा डोंगरही पायाजवळच्या दगडाइतकाच कडक. अंतर दाखवायचं तर लहान-मोठ्या साइजवर आणि एकावर एक कडा आणूनच दाखवा. अपोलोवाल्यांनासुद्धा तिथे अंतराचा अंदाज नीट येत नव्हता. क्षितिजही जवळ असतं, उभ्या माणसाला जेमतेम अडीच किलोमीटरवर.

दगडांसाठी मॉडेल हवं तर आपल्याकडे काळा दगडच दगड आहे. सेमिनरी हिल्सचा काळा दगड बेसाल्टच आहे, आणि चंद्रावरचे काळे डाग म्हणजे पण बेसाल्टच. एक उचलून आणा, टॉर्च बाजूने धरा आणि तोच काढा. सूर्य 10 अंशांवर धरला तर सावली दगडाच्या उंचीच्या साडेपाच पट लांब ठेवायची. एक सेंटिमीटरचा दगड, साडेपाच सेंटिमीटर सावली, पट्टीने मोजून. सावलीत थोडासा राखाडी मिसळा, बाजूची जमीन चमकते तिचा उजेड आत येतोच.

खरबरीतपणा पाहिजे असेल तर ओल्या रंगात चाळलेली रेती. अपोलो 12 चा ॲलन बीन, चंद्रावर चाललेला चौथा माणूस, नंतर पूर्णवेळ चित्रकार झाला आणि चित्राच्या थरावर चक्क चंद्रावरच्या बुटांच्या तळव्याची नक्कल आणि हातोडी दाबून ठसे उठवायचा. तो जमिनीला जांभळा, पिवळा असे रंगही बिनधास्त द्यायचा, जाऊन आलेल्या माणसाला कोण टोकणार.

विक्रम लँडर मात्र शेवटी काढा आणि लहान काढा, रोव्हर त्याहून लहान.

वाळलं की फोटो सावलीत काढा, मोबाईल काळ्या कागदाला उजळ करून राखाडी करतो, तर स्क्रीनवर बोट ठेवून ब्राइटनेस खाली ओढा. आणि ग्रुपवर टाकण्याआधी चित्राच्या आतच, कापता येणार नाही अशा ठिकाणी "हाताने काढलेलं चित्र" असं लिहा. 2023 मध्ये रोव्हरच्या चाकाने मातीत उमटलेल्या राजमुद्रेचा एक फोटो घरोघरी फिरला, लोकांनी डीपी ठेवला. चाकावर मुद्रा होती हे खरं, पण तो फोटो नव्हता, एका कलाकाराने केलेलं डिजिटल चित्र होतं. तुमचं बटणाएवढ्या पृथ्वीचं चित्र फॉरवर्ड झालं तर काका लोक उलट म्हणतील की हे फेक आहे, पृथ्वी एवढी लहान असते का. तेव्हा वरचा फॉर्म्युला चिकटवा.